आते काय करी ऱ्हायना?

स्मरणिका समितीचा फोन आला तेव्हा मी एका सबमर्सिबल पंपाचं बुश ठोकत होतो. "नाना, शाळेचा सुवर्णमहोत्सव आहे, दोन पानं लिहा. पोरांसाठी काहीतरी प्रेरणादायी."

म्हटलं, नंबर चुकला तुमचा. मुख्याध्यापकांच्या खोलीबाहेर दहावीत पहिल्या आलेल्यांच्या नावांचा फळा आहे, त्यावर मी नाही. १९९४ च्या ओळीत ज्याचं नाव आहे तो माझ्या बाकावर बसायचा, एवढाच माझा त्या फळ्याशी संबंध. पण समिती ऐकेना. शेवटी मीच अट घातली की माझं मोटर रिवाइंडिंगचं, म्हणजे जळालेल्या मोटरीत नवी तार भरायचं दुकान कसं मोठं झालं ते लिहिणार नाही, ते कोणीही सांगेल. बारावी नापास झालो तिथपासून आयटीआयला नंबर लागला तिथपर्यंतची चार वर्षं लिहीन. ती वर्षं कोणत्याच सत्कारात कोणी विचारत नाही, आणि आज शाळेतून बाहेर पडलेल्या पोरांपैकी निम्मी त्याच वर्षांत अडकलेली असतात.

१९९६ ला बारावी सायन्सला फिजिक्स राहिला. ऑक्टोबरला बसलो, पुन्हा राहिला. सायन्स का घेतलं होतं? बाकावरच्या त्या मित्राने घेतलं म्हणून. याहून खरं उत्तर माझ्याकडे तेव्हाही नव्हतं.

मग सुरू झाला तो प्रश्न. पारावर, पिठाच्या गिरणीवर, लग्नाच्या पंगतीत, वरण-बट्टी वाढता वाढतासुद्धा. "काय भाऊ, आते काय करी ऱ्हायना?" आमच्या अहिराणीत, आता काय करतोयस? विचारणाऱ्याच्या मनात काही नसायचं, आपल्याकडे रामराम घातल्यासारखा हा प्रश्न टाकतात. मला मात्र तो कानफटात बसायचा. वैशाखात अमळनेरला सखाराम महाराजांची यात्रा बोरी नदीच्या पात्रात भरते, लहानपणी आम्ही वर्षभर तिची वाट बघायचो. त्या वर्षी मी गेलोच नाही. यात्रेत सगळे पाव्हणे भेटतात ना.

आबांनी एकदाही विचारलं नाही. ते कपाशीला पाणी भरायला निघाले की दुसरं फावडं दाराशी टेकवून ठेवायचे. मी उठलो तर उठलो. पोरगा घरी बसलाय म्हणून भाषण देणाऱ्या बापांनी हे फावडं ध्यानात घ्यावं, एवढंच मध्येच सांगतो.

मामा सुरतेला होता, म्हणून पुढे सुरत. खान्देशातल्या घरटी एकाचं तिकडे कोणी ना कोणी असतंच. उधन्याला एका खोलीत आठ जण, पाळीपाळीने झोपायचं. कापडाच्या घड्या घालून गाठी बांधायचं काम, बारा तासांची पाळी. आठ महिन्यांनी कावीळ झाली आणि ताप्ती लाइनच्या गाडीने पडून परत आलो. त्यानंतर पोलीस भरती. पहाटे चारला उठून दोन महिने डांबरी सडकेवर पळालो. उंची लागते १६५ सेंटीमीटर, मी भरलो १६४. पट्टीखाली मान ताणून पाहिली, मोजणाऱ्याने डोक्यावर टपली मारली आणि म्हणाला, "खाली ये राजा." आज हसू येतं. त्या दिवशी एसटीत खिडकीकडे तोंड करून बसलो होतो.

इतिहासाचे सर तेव्हा एकदा रस्त्यात भेटले. घराबाहेरचा हा एकच माणूस, ज्याने तो प्रश्न विचारला नाही. म्हणाले, साने गुरुजी अमळनेरला कशाला आले होते, आठवतं? वर्गात त्यांनी दहादा सांगितलं होतं. गुरुजी आले तत्त्वज्ञान मंदिरात, तत्त्वज्ञानाच्या अभ्यासाला. तिथून १९२४ ला प्रताप हायस्कुलात शिक्षक झाले. १९३० ला तीही नोकरी सोडून सत्याग्रहात उतरले. "तेव्हा अमळनेरच्या लोकांनी त्यांना विचारलंच असेल, सर, आता काय करणार?" एवढं बोलून सर सायकलवर टांग टाकून गेले. तुलना त्यांची, माझी नाही, मी कुठे आणि गुरुजी कुठे. पण त्या रात्री मला झोप लागली.

मोटर रिवाइंडिंगच्या दुकानात मी शिरलो तो काही ठरवून नाही. विहिरीवरची मोटर जळाली होती. एक फेज गेला, मोटर नुसती घुमत राहिली आणि उरलेल्या दोन फेजांवर भार येऊन कॉइल करपली. आबांनी ती बैलगाडीत घालून माझ्यासोबत अमळनेरला पाठवली. वस्ताद म्हणाले, संध्याकाळ होईल. मी तिथेच बसून राहिलो, घरी जाऊन करणार काय? दुपारी त्यांनी माझ्या हातात छन्नी दिली. जळालेली तार कापून ओढायची. काळं मेण, करपलेला वास, बोटं सोलून निघाली. मी पहिल्या खाचेतला गुंता उपसून भंगारात टाकला, तशी त्यांनी मानेवर चापट दिली.

"आधी मोज! किती वेढे आहेत, तार किती जाड आहे, कुठल्या खाचेतून कुठल्या खाचेत गेलीय. जळाली म्हणून काय झालं, नवी भरायची कशी हे तिच्याशिवाय कोण सांगणार तुला?"

दुसऱ्या दिवशीही गेलो. झाडू मारला, चहा आणला, वेढे मोजले. पगार नव्हता, जेवण होतं. सहा महिन्यांनी वीस रुपये रोज मिळायला लागला.

एक दिवस चोवीस खाचांच्या स्टेटरमध्ये, म्हणजे मोटरीच्या न फिरणाऱ्या भागात, कॉइली भरताना वस्ताद म्हणाले, हा फेज इथे सुरू कर, दुसरा इथून आठ खाचा पुढे. आठच का? त्यांना हाताने ठाऊक होतं, तोंडाने सांगता येईना. मी पाटीवर गोल काढला. तीनशे साठ भागिले चोवीस, एका खाचेला पंधरा अंश. आठ खाचा म्हणजे एकशेवीस. तीन फेज, वर्तुळाचे तीन सारखे भाग! नववीत ज्या कंपासपेटीला मी शिव्या घातल्या ती अशी उघडली. दुकान बंद करून तसाच सायकल हाणत भूमितीच्या सरांच्या घरी गेलो आणि धापा टाकत सगळं सांगितलं. सर दाणे खात होते. म्हणाले, "मग? मी वेगळं काय सांगत होतो?"

आयटीआयचा फॉर्म त्यांनीच भरायला लावला. २००० साल, वायरमन ट्रेड. मी बावीस वर्षांचा, वर्गातली पोरं सोळा-सतरांची, मला 'काका' म्हणायची. पहिला महिना लाज वाटली. पण त्यांनी जळालेली मोटर बघितली नव्हती, मी शंभरेक उघडल्या होत्या. पुढे वीज मंडळात वर्षभर अप्रेंटिस केलं, मग दुकान. चौतिसाव्या वर्षी मुक्त विद्यापीठातून बीए झालो, कशासाठी ते बायको अजून विचारते.

आता नुकत्याच दहावी-बारावी झालेल्या तुम्हा पोरांना सांगायचं, तर आवड शोधा वगैरे मी म्हणणार नाही. रिवाइंडिंगची आवड घेऊन कोणी जन्माला येतं का? मला ती लागली दोनशेव्या मोटरीच्या आसपास. तुम्ही आधी घराबाहेर पडा, कोणाच्या तरी कामाजवळ जाऊन बसा. फिटर असो, केळीचा व्यापारी असो, दवाखाना असो. विचारलं तर चक्क सांगा, अजून ठरत नाहीये. मी ते पहिल्यांदा मोठ्याने बोललो तेव्हा समोरच्याने मला टोमणा मारला नाही, त्याच्या भाच्याच्या दुकानाचा पत्ता दिला. आणि मोबाइलवर मित्रांचे पॅकेज बघून रात्र जागवू नका. माझ्या बाकावरचा तो पहिला नंबर इंजिनियर झाला खरा, पण मध्ये दोन वर्षं तोही घरी बसला होता, हे त्याने मला परवा सांगितलं. आम्ही एकाच गावात एकमेकांना टाळत फिरत होतो.

मागच्या महिन्यात एक पोरगा बापाची मोटर घेऊन आला. दोन फेजवर कंडेन्सर लावून चालवली होती, व्हायचं ते झालं. पावती दिली तरी हलेना. दुपारपर्यंत दाराशी उभा. मी त्याला तो प्रश्न विचारला नाही, तारेचं दुसरं टोक धरायला दिलं. संध्याकाळी हात पुसत म्हणाला, "नाना, उद्या येऊ का?"

"ये," म्हटलं. "येताना शंभर पानी वही आण."