डब्याची गाडी

मणी कौलचा ‘उसकी रोटी’ पहिल्यांदा लावला तेव्हा शेजारी बसलेला मित्र विसाव्या मिनिटाला म्हणाला, “पिक्चर अडकलाय काय बे?” अडकला नव्हता. बाई बसथांब्यावर उभी होती. उभीच होती. थोड्या वेळानं मलाही डुलकी लागली, खोटं कशाला बोलू.

गोष्ट मोहन राकेशांची, हिंदीतल्या ‘नई कहानी’ या कथा-चळवळीच्या दिवसांतली. बालोचा नवरा सुच्चासिंग बस चालवतो. ती रोज रस्त्यावर येऊन त्याची रोटी त्याच्या हाती देते. एक दिवस तिला उशीर होतो, तो रागानं गाडी पुढे काढतो आणि ती रात्र पडेपर्यंत तिथंच. संपलं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटकांच्या हाताखाली शिकलेल्या पंचविशीतल्या पोरानं १९६९ साली एवढ्यावर आपला पहिला सिनेमा केला. पुढे त्यानं हिंदी कवी मुक्तिबोधांच्या लेखनावरही सिनेमा केला. (मुक्तिबोधांच्या घरी मराठी, लिहिणं हिंदीत, धाकटा भाऊ शरच्चंद्र मात्र मराठीतला कवी. मला याची उगाचच गंमत वाटते.)

कॅमेरा के. के. महाजनांचा. लेन्स दोनच, २८ आणि १३५ मिलिमीटरच्या. २८मध्ये जवळचं-लांबचं सगळं लख्ख. १३५मध्ये एवढासा तुकडा स्पष्ट, बाकी धूसर. आधी वाटतं, २८ म्हणजे घडतंय ते आणि १३५ म्हणजे बालोच्या मनातलं. मग हळूहळू त्यांची अदलाबदल होत जाते. हे मी वाचलं होतं, पण मला ते दिसलं नव्हतं.

परवा सोलापूरच्या स्टँडवर मंगळवेढ्याकडची गाडी लागली. एक पोरगं धावत आलं आणि ड्रायव्हरच्या मागून कापडी पिशवी उचलून गेलं. पिशवीवर शाईनं नाव लिहिलेलं. घरी येऊन सिनेमा पुन्हा लावला, आणि या वेळी झोप लागली नाही.

अकरावीला मी इथं खोली घेऊन राहायचो. आई सकाळी वस्तीवरून फाट्यावर यायची, गाडीला हात करून डबा द्यायची. ज्वारीच्या तीन भाकरी, शेंगाचटणी, कधी पिठलं. साडेअकराला मी तो उतरवून घ्यायचो आणि कालचा रिकामा डबा परतीच्या गाडीत ठेवायचो. संध्याकाळी तो घ्यायला आई पुन्हा फाट्यावर.

एक दिवस भागवत टॉकीजला बाराचा खेळ होता. तिकिटाच्या रांगेत अकरालाच उभा राहिलो. डबा आला, वाट बघून तसाच परत गेला.

तिनं तो खिडकीतून घेतला असेल. हातात येताच वजनावरून कळलं असेल. गाडी निघून गेल्यावरही ती थोडा वेळ तिथंच उभी राहिली असेल, पदराचं टोक दातात धरून. यातलं मी काहीच पाहिलेलं नाही, तरी त्या फाट्यावरची बाभळ, डब्याच्या कडीला बांधलेली सुतळी, सगळं लख्ख दिसतं. आणि डोळ्यांनी पाहिलेला तो पिक्चर कुठला होता, आठवत नाही.

दुसऱ्या दिवशी डबा आला. कालच्याच भाकरी तिनं तव्यावर कडक करून पाठवल्या होत्या.