रॉबी हाउस १:४८ : कठडा मोडला, दरज सापडली

मंडळी, रॉबी हाउसचं १:४८ मापाचं पुठ्ठ्याचं मॉडेल करतोय, त्यातला दक्षिणेकडच्या बाल्कनीचा कठडा मोडून टाकला. मागच्या अपडेटमध्ये ज्याचे फोटो होते, तोच. पश्चिमेच्या खांबाशी कोपरा जुळवायला घेतला तर एका बाजूची दरज (विटांमधली मसाल्याची फट) दुसऱ्या बाजूच्या विटेवर जाऊन धडकत होती. तळाशी सगळं नीट, वर जावं तसं सुटत जातंय, आणि विसाव्या रद्द्याला, म्हणजे विटांच्या विसाव्या थराला, अख्ख्या एका थराचा फरक.

दुसरं कुठलं घर असतं तर पुट्टी भरून, रंग मारून पुढे गेलो असतो. इथे ती सोय नाही. वास्तुविशारद फ्रँक लॉइड राइटने शिकागोतल्या या घराला रोमन वीट लावली, लांबोडकी आणि चपटी: लांबी साडेअकरा इंचांच्या थोडी वर, जाडी जेमतेम एक पूर्णांक पाच अष्टमांश इंच. आडव्या दरजा फिक्या क्रीम मसाल्याच्या आणि आत खरवडलेल्या, म्हणजे प्रत्येक थराखाली सावलीची एक रेघ पडते. उभ्या दरजांत मात्र विटेच्याच रंगाचा मसाला, विटेच्या पातळीला सपाट. लांबून पाहिलं तर उभी रेघ नाहीच, नुसत्या आडव्या पट्ट्या धावताना दिसतात. प्रेअरी स्टाइल (राइटची आडव्या, पसरट घरांची शैली) म्हणून पसरट छपरांबद्दल सगळे बोलतात. माझ्या मते या घराचं अर्धं काम त्या दरजा करतात. त्याच कोपऱ्यावर तुटल्या तर मॉडेल करायचंच कशाला?

१:४८ ला वीट येते ०.८६ मिमी जाड, आणि दरज अर्ध्या इंचाच्या आसपास धरली तर पाव मिलिमीटर. तयार विटांची शीट इथे निरुपयोगी, कारण त्यांत उभी-आडवी रेघ सारख्याच खोलीची असते. रेल्वे स्टेशनं करणाऱ्यांना ती लखलाभ. म्हणून मी विटा कोरायचं सोडून थर रचायला घेतले होते: विटेसाठी बायंडिंगच्या पुठ्ठ्याची पट्टी, दरजेसाठी क्रीम कागदाची किंचित आत सरकवलेली पट्टी, पुन्हा पुठ्ठा. दिसायला अप्रतिम. पण प्रत्येक भिंत वेगळी रचली की प्रत्येकीची उंची वेगळी येते. गोंदाच्या एका थराने ०.०३ मिमी जरी भर घातली, तरी २० रद्द्यांत गोंदाचे ४० थर, म्हणजे १.२ मिमी. एक वीट अधिक एक दरज होते १.१ मिमी. हिशेब बरोबर तिथेच येऊन बसतो! त्यात पावसाळी हवा आणि पाण्याचा गोंद. लांब पट्टी रात्रीत पापडासारखी वाकते.

सुटका अशी, की भिंत हे एकक मानायचंच नाही, थर हे एकक मानायचं. कठडा, कोपरा, खांब, पुन्हा कठडा, असा एका पातळीवरचा सगळा आकार एकाच तुकड्यात कापायचा आणि त्यावर दुसरा ठेवायचा. मग उंचीत केसाचा फरक पडला तरी तो सगळीकडे सारखाच पडणार, कोपरा सुटायला जागाच नाही. शेवटी गवंडी तरी काय करतो? तो एक भिंत पुरी करून दुसरीकडे जात नाही, रद्दा फिरवून आणतो. लांब कठडा लेझरच्या पाटात मावत नाही, तिथे दोन तुकडे होतील. पण जोड प्रत्येक थरात वेगळ्या जागी घेतला, म्हणजे चक्क सांधेमोड केली, की काम झालं.

नमुन्याचा कोपरा करून पाहिला. खालपासून वरपर्यंत एक रेघ हललेली नाही. शिवाय फुकटचा लाभ: लेझरने पुठ्ठ्याची कड जळून तपकिरी होते, कुठे गडद, कुठे फिकी. मूळ विटेवर लोहाचे काळपट ठिपके आहेत, त्याच्या इतकं जवळ जाणारं काही मला ब्रशने जमलं नव्हतं. वरून फक्त पातळ विटकरी वॉश पुरतो. कापून देणारे मात्र नीट निवडा. आर्किटेक्चरच्या पोरांच्या सबमिशनच्या दिवसांत एका दुकानाने मला ‘पॉवर जास्त ठेवलीय, लवकर होईल’ म्हणत निव्वळ कोळसा दिला.

आता अडचण क्रीम कागदाची. त्याची कड जळून चालणार नाही, आणि एवढे आकार हाताने सुरीने कापणं माझ्याच्याने होणार नाही. यावर उपाय नाक्यावर सापडला: गाड्यांवर नावं लावणारा रेडियमवाला. त्याचा प्लॉटर कागदही कापतो, आणि पाते असल्याने कड स्वच्छ येते. त्याला फाइल दिली आहे. ‘हे नक्की कसलं नाव?’ असं त्याने विचारलं.

हे लिहिता लिहिता आणखी एक सुचतंय. थर एकसंध असतील तर गोंद मधे हवाच कशाला? प्रत्येक थराला आतल्या बाजूस भोकं ठेवायची, पितळी सळ्यांवर सगळे कोरडेच ओवायचे, दाबून धरायचे आणि मागून पातळ सुपरग्लू झिरपू द्यायचा. म्हणजे ०.०३ चा प्रश्नही मिटला आणि पापडही. आधी ठरवलेलं क्लॅम्पचं लाकडी जिग (थर दाबून धरायचा साचा) बनवणं रद्द.

छपराची खबर चांगली आहे. पश्चिम टोकाला शेवटच्या आधारापुढे छप्पर सुमारे २० फूट झेपावतं, आपल्या मापात १२७ मिमी. मूळ घरात लपवलेल्या पोलादी तुळया हा भार घेतात, इथे दोन शीटांमध्ये पितळी चॅनल घातलंय. टोकावर व्हर्निअर (बारीक मापाची पट्टी) रात्रभर ठेवला, तसूभर खाली आलं नाही. कठडा नाहीच म्हणून मग दुसरी मौज केली: मॉडेलचा पाट तिरका करून ऊन ७१ अंशांवर घेतलं, शिकागोतल्या जूनमधल्या दुपारसारखं. छपराची सावली बाल्कनीच्या १२ काचेच्या दारांवरून उतरत पायथ्याशी टेकली. पाट २५ अंशांना, डिसेंबरच्या उन्हाला आणला, तर प्रकाश छपराखालून थेट बैठकीत शिरला. वाचलेलं होतं, पण आपल्या हातच्या पुठ्ठ्यावर घडताना पाहणं वेगळंच!

काचा जागच्या जागी आहेत. एकूण १७४ नक्षीदार तावदानं. ओएचपी फिल्मवर (पारदर्शक प्लास्टिकवर) लेझर प्रिंट सध्या चालवून घेतोय. एचिंगचे (धातूच्या पत्र्यावर आम्लाने नक्षी कोरण्याचे) दर ऐकून गप्प बसलो.

पुढचं काय करणार असं विचारणाऱ्यांसाठी: १९०९ मध्ये राइट युरोपला निघून गेला तेव्हा त्याच्या ऑफिसची कामं हर्मन फॉन होल्स्ट या वास्तुविशारदाकडे गेली, आणि तिथे वास्तुविशारद मॅरियन महोनी होती. तिचा नवरा वॉल्टर बर्ली ग्रिफिन पुढे कामासाठी लखनौला आला आणि १९३७ मध्ये तिथेच वारला. त्या दोघांचं एखादं घर करायची इच्छा आहे. पण आधी हे.

बाल्कनी थोडी थांबेल. नव्या पद्धतीने पहिली भिंत गॅरेजच्या अंगणाची करतो, तिथे कोपरे आहेत आणि भानगडी कमी. एक मदत हवी: २०० ते २२० जीएसएमचा (चौरस मीटरला तितके ग्रॅम वजनाचा) क्रीम कागद, गाभ्यापर्यंत क्रीम असलेला, कुणाला माहीत असेल तर सांगा. अप्पा बळवंत चौकात मिळाला तो वरून क्रीम आणि आतून पांढरा निघाला, आणि इथे दिसणार ती कडच.