बंद तुकडा

कोल्हापूरची शिरोली असो की गोकुळ शिरगाव, फाउंड्रीत चार्ज, म्हणजे वितळवायचं भंगार, टाकणाऱ्याला पहिल्या दिवशी एकच गोष्ट सांगायला हवी: बंद तुकडा भट्टीत जाता कामा नये. दोन्ही तोंडं मिटलेला पाइप, जुना शॉकॲब्सॉर्बर, छोटा सिलिंडर. आत घोटभर पाणी असलं तरी १४०० अंशांच्या रसात त्याची क्षणात वाफ होते, सोळाशे पटींहून जास्त फुगते आणि लोखंडाचा रस छतापर्यंत उडतो.

तोफगोळा हाही बंद तुकडाच, फक्त आत पाण्याऐवजी दारू.

तो इथवर येतो कसा? लढाई संपते, लोखंड उरतं, आणि लोखंडाला भाव असतो. ३० सप्टेंबर २००४ रोजी गाझियाबादजवळ साहिबाबादच्या पोलाद कारखान्यात आयात भंगारातला गोळा फुटून १० कामगार गेले. त्यानंतर न तुकडवलेल्या भंगाराला जहाजावर चढण्याआधी तपासणीचा दाखला सक्तीचा झाला. पण दाखला कागद असतो. ढिगाऱ्याच्या पोटातलं त्याला दिसेलच असं नाही. श्रेडरमधून, म्हणजे भंगाराचे तुकडे करणाऱ्या यंत्रातून, आलेला माल थोडा महाग पडतो, तरी तोच घ्यावा.

‘जुना आहे, मेला असेल’ हा समज सगळ्यात घातक. टीएनटी हे स्फोटक ८० अंशांना वितळतं, म्हणून ते गोळ्यात ओतूनच भरतात, आणि शंभर वर्षांनीही ते जिवंत राहतं. पिक्रिक ॲसिड या दुसऱ्या स्फोटकाचे गोळे तर जुने होतील तसे वाईट. धातूशी संयोग होऊन धक्क्यानं फुटणारे क्षार बनतात. विषही मरत नाही: फ्रान्समध्ये व्हर्दूनजवळ पहिल्या महायुद्धातले सुमारे दोन लाख रासायनिक गोळे जाळले, त्या जागेच्या मातीत आजही वजनाच्या १७ टक्क्यांपर्यंत आर्सेनिक सापडतं.

गोळ्याची ओळख सोपी आहे, गंज खरवडायचा मोह मात्र आवरावा. एक टोक निमुळतं, आटे पाडलेलं; बुडाशी तांब्याची पट्टी; काहींना शेपटीचे पंख. घात करते ती पट्टीच. भंगार निवडणाऱ्याला तिथं तांब्याचा भाव दिसतो आणि छिन्नी बसते, नाहीतर गॅस कटर लागतो.

दिसला तर क्रेनचा मॅग्नेट जागीच थांबवायचा. तुकडा लोंबकळत असेल तर क्रेन आहे तशीच ठेवायची. हलवायचा नाही, पाणी मारायचं नाही, ऑफिसात शोभेला ठेवायचा नाही. आवार रिकामं करून ११२ ला फोन. बॉम्बशोधक पथक येईपर्यंत त्याच कंटेनरच्या बाकी मालाला हात लावायचा नाही, बिल आणि कंटेनर नंबर हाताशी ठेवायचा. त्या लॉटमध्ये दुसरा असण्याची शक्यता दांडगी असते.