वाटाड्या गेला, वाटाड्या आला

टेरारिया या व्हिडिओ गेममध्ये गावातला माणूस मेला की स्क्रीनच्या खालच्या डाव्या कोपऱ्यात लाल अक्षरांत एक ओळ उमटते. जेक नावाचा गाईड मारला गेला, आणि पुढे तीन टिंबं. बस, एवढंच. मी तेव्हा जमिनीखाली खोल कुठेतरी लोखंड खणत होतो. वर काय झालं ते दिसलं नाही, ऐकूही आलं नाही. त्या तीन टिंबांकडे बघत मी कुदळ थांबवली आणि पहिला विचार आला तो असा: दार लावलं होतं का मी?

ज्यांनी हा गेम खेळलेला नाही त्यांच्यासाठी दोन शब्द. टेरारिया २०११ च्या मे महिन्यात आला. ठोकळ्यांचं जग, बाजूने दिसणारं. खणा, बांधा, लढा, मरा, पुन्हा खणा. नव्या जगात तुम्ही उतरता तेव्हा तुमच्याकडे तांब्याची थोडी हत्यारं असतात आणि जवळपास एक माणूस उभा असतो. हा गाईड. मी त्याला वाटाड्या म्हणतो. एखादी वस्तू त्याला दाखवली की तिच्यापासून काय काय बनतं ते तो सांगतो, आणि उरलेला वेळ न विचारता सल्ले देतो. जुने खेळाडू त्याच्यावर हसतात. त्यांची तक्रार अशी, की हा बाबा भलत्या वेळी दार उघडून झोंबींना घरात घेतो. मीही त्याला सुरुवातीला अडगळ समजायचो. माझ्याच खोलीत, माझ्याच पेटीपुढे उभा राहणारा अडगळीचा माणूस.

जेक गेला त्या रात्री दार बहुतेक मीच उघडं टाकलं होतं.

आता या गेमची गंमत अशी, की मेलेला माणूस परत येतो. त्याच्यासाठी घर रिकामं हवं आणि दिवस उजाडायला हवा. इथला दिवस आपल्या २४ मिनिटांचा असतो, १५ मिनिटं उजेड आणि ९ अंधार, म्हणजे सुतकही फार वेळ पाळावं लागत नाही. मी खाणीतून वर आलो, दार लावलं, आणि सकाळ झाल्यावर थोड्या वेळाने त्याच कोपऱ्यात निळ्या अक्षरांत ओळ आली: काइल नावाचा गाईड आला आहे. तोच चेहरा, तेच कपडे, तेच सल्ले. बदललं होतं ते फक्त नाव.

हे नाव मला आजतागायत खुपतं. गेम बनवणाऱ्यांनी जेकला जेक म्हणूनच परत पाठवलं असतं तर मी म्हटलं असतं, चला, जरा बेशुद्ध पडला होता, आला शुद्धीवर. मी स्वतः मरतो तेव्हा असंच तर होतं. दहा-पंधरा सेकंदांत पुन्हा उभा, नाव तेच. पण वाटाड्याचं नाव बदललं, आणि एवढ्या एका शब्दाने कळलं की जेक मेला तो मेलाच. हा जो आलाय तो दुसराच कुणी आहे आणि त्याला आदल्या रात्रीचं काही माहीत नाही. कारखान्यातून निघाल्यासारख्या एकसारख्या बाहुल्यांना एवढंसं काहीतरी दिलं, तर ते नेमकं हे दिलं. नसतं दिलं तर मी दारं लावायला शिकलो नसतो.

तर काइलसाठी मी नीट घर बांधायला घेतलं. इथे घराचे नियम कडक आहेत. छत, भिंती, जमीन धरून कमीत कमी ६० ठोकळ्यांची जागा, आणि ७५० च्या आत. मागची भिंत भरलेली, एक दिवा, एक टेबल, एक खुर्ची, आत यायला दार किंवा फळीची वाट. काही कमी असलं तर गेम स्पष्ट सांगतो की या घरात अमुक नाही. दहा बाय सहाची खोली काढली की हिशोब चोख बसतो, म्हणून बरेच खेळाडू अशा खोल्यांची चळतच्या चळत उभी करतात आणि तिला खुशाल तुरुंग म्हणतात. मीही तेच केलं. एकेक खोली भरत गेली. जवळ चांदीची ५० नाणी जमली, दुकानदार आला. कुठूनतरी बॉम्ब मिळाला, त्या वासावर सुरुंगवाला आला. दुकानदार आला आणि माझी जीवनशक्तीही जरा वाढली, मग नर्स आली. प्रत्येकाची एक निळी ओळ. आणि मी कोळ्यासारखा जमिनीखाली बसून त्या ओळींची वाट बघायचो.

गाव झालं की गावाची काळजी आली. एरवी झोंबी दारावर धपाधप थापा मारत बसतात, त्यांना दार उघडता येत नाही. पण एखाद्या रात्री चंद्र लाल उगवतो, आणि त्या रात्री त्यांना दारं उघडता येतात. गॉब्लिनांची फौज आली तर तिला उघडायचीही गरज पडत नाही, ती दारं मोडूनच आत येते. पहिल्या लाल चंद्राला मी नर्सच्या दाराबाहेर तलवार घेऊन नऊ मिनिटं उभा होतो. हात दुखले. शेजारच्या खोलीत त्या वेळी दुकानदार गेला, हे मला लाल ओळीवरूनच कळलं. दुसऱ्या दिवशी सगळ्या खोल्या खांबांवर उचलून घेतल्या, दारं काढली, आणि खालून चढायला फळ्या ठेवल्या. झोंबीला वरच्या फळीवर चढण्याएवढी उडी मारता येत नाही. गाव जमिनीपासून तुटलं, एखाद्या माळ्यावर राहायला गेल्यासारखं दिसू लागलं. पण लोक जगले.

एक सांगायला हवं, ही माणसं अगदीच बिचारी नाहीत. २०१५ च्या १.३ आवृत्तीपासून ती स्वतःपुरतं लढतात. वाटाड्या बाण सोडतो, दुकानदार सुऱ्या फेकतो, नर्स इंजेक्शनच्या सुया मारते, सुरुंगवाला काय करतो ते सांगायला नको. २०२० नंतर त्यांना आवडीनिवडीही आल्या. कुणाला जंगल हवं, कुणाला वाळवंट, कुणाला अमका शेजारी चालत नाही. नाखूश माणूस महाग विकतो. माझ्या तुरुंगात सगळे नाखूश होते, त्यामुळे मला गाव फोडून चार ठिकाणी वसवावं लागलं. नर्स आणि बंदुका विकणारा यांचं एकमेकांवर प्रेम आहे, त्यांना शेजारी-शेजारी ठेवलं आणि दोघांचेही भाव उतरले. हे जुळवताना मी मध्यस्थाच्या थाटात वावरत होतो, सवलत मलाच मिळणार होती हे सोयीस्कर विसरून.

या सगळ्यांत समुद्रकाठचा तो पोरगा वेगळा. किनाऱ्यावर झोपलेला सापडतो, जागा झाला की मासे पकडून आणायची उद्धट फर्मानं काढतो. इतका आगाऊ की त्याच्या खोलीची एक भिंत मुद्दाम कच्ची ठेवावी असं वाटतं. पण तोही सापडला झोंबीच्या तावडीत, आणि कोपऱ्यात ओळ आली ती मारला गेल्याची नव्हतीच. निघून गेला, असं लिहून आलं. वाटाड्या मरतो, नर्स मरते, पोर मात्र निघून जातं. ही ओळ लिहिणाऱ्याचा हात तिथे अडखळला असणार. मला तो माणूस आवडला.

आता काइल.

टेरारियाच्या तळाशी पाताळ आहे, तप्त लाव्ह्याच्या तळ्यांवर राखेची जमीन. तिथे उडणाऱ्या राक्षसांपैकी काहींच्या हातात एक बाहुली असते. वाटाड्याचीच बाहुली. वस्तूच्या माहितीत एकच वाक्य लिहिलेलं आहे: तुम्ही भयंकर माणूस आहात. पण ते वाचायला बाहुली आधी हातात यावी लागते, आणि माझ्या हातात ती आलीच नाही. राक्षस लाव्ह्यावर होता, मी खालून बाण मारला. तो मेला, बाहुली सुटली, हळूच खाली आली आणि लाव्ह्यात बुडाली. लाल ओळ आली, काइल मारला गेला. मी ती वाचेपर्यंत स्क्रीनच्या कडेने मांसाची एक भिंत पुढे सरकू लागली होती. वरपासून खालपर्यंत, दोन डोळे, एक तोंड. मीही अर्ध्या मिनिटात गेलो. पण मी दहा-पंधरा सेकंदांत परत आलो, माझ्याच नावाने.

तेव्हा कळलं ते असं. ही मांसभिंत बोलवायची असेल तर बाहुली लाव्ह्यात टाकावी लागते, आणि ती टाकताना वाटाड्या जिवंत असावा लागतो. मेलेल्याच्या बाहुलीला पाताळ दाद देत नाही. भिंत पाडल्याशिवाय गेमचा पुढचा अर्धा भाग उघडत नाही. म्हणजे त्याला झोंबींपासून वाचवा, खांबांवर घर बांधा, लाल चंद्राला पहारा करा, आणि एका चांगल्या दिवशी ठरवून मारा. बोकडासारखं हळदकुंकू लावून घेण्याची पाळी वाटाड्याची होती, आणि सुरी माझ्या हातात.

नव्या वाटाड्याचं नाव अँड्रू. मी त्याला मुद्दाम लांब ठेवलं. त्याच्याकडे कमी जायचो, वस्तू दाखवायचो नाही. दोन आठवडे पाताळात लांबलचक पूल बांधत राहिलो, कारण भिंत अंगावर येत राहते आणि आपण मागे पळत लढायचं असतं. पूल झाला, बाहुली मिळाली. त्या दिवशी भाची शेजारी बसली होती. मी तिला सगळं समजावून सांगितलं, जरा जास्तच वेळ घेऊन. ती म्हणाली, "मामा, टाक ना. दुसरा येईल की." मी म्हटलं, "नाव वेगळं असेल." ती म्हणाली, "मग तू विचारून घे ना त्याला."

बाहुली टाकली. अँड्रू गेला. भिंत पडली, तिसऱ्या प्रयत्नात, म्हणजे पुढच्या दोन प्रयत्नांसाठी आणखी दोन वाटाडे खर्ची पडले. त्यांची नावं मी टिपून ठेवली नाहीत आणि त्याची आता लाज वाटते. भिंत पडली की जगाचं रूप बदलतं. जमिनीतून कीड वेगाने पसरू लागते आणि घराजवळ पोचली तर तिथे माणूस राहत नाही. मग मी गावांभोवती चर खणत बसलो. नर्सभोवती, सुरुंगवाल्याभोवती, समुद्राकडच्या त्या आगाऊ पोराच्या घराभोवतीसुद्धा.

चर खणताना एक गोष्ट लक्षात आली. मी मेलो की माझं थडगं आपोआप उभं राहतं, त्यावर मी कसा मेलो तेही लिहिलेलं असतं. माझी थडगी जगभर विखुरलेली आहेत, काही तर पाताळातही. गावकरी मेला तर दगडही नाही. म्हणून माझं एक थडगं उपटून वाटाड्याच्या घराखाली लावलं आणि त्यावरचा मजकूर पुसून लिहिलं: जेक. थडग्यावर हवं ते लिहिता येतं. मग दुसरं आणून काइल, तिसरं आणून अँड्रू. आणखी दोन निनावी. मग उत्साहाच्या भरात मेलेल्या दुकानदारालाही एक, वर उगीच एक-दोन आणखी.

तिथे घोटाळा झाला. थडगी एका जागी फार जमली की गेम त्या जागेला स्मशान समजतो. हवा धुरकट होते, भुतं फिरतात आणि झोंबी भरदिवसा येऊ लागतात. एका दुपारी वाटाड्याच्या घराखाली, नेमकं जेकच्या दगडाशी, मला झोंबी दिसला. वर कॉनर होता. नवीन, दोनच दिवसांचा.

मी सगळी थडगी कुदळीने काढली. एकच ठेवलं. सध्या त्यावर अँड्रू लिहिलंय. त्याच्या वर, खांबांवरच्या खोलीत, कॉनर टेबलापाशी उभा असतो. काल त्याला एक दगड दाखवला, उगीचच. त्यापासून काय काय बनतं ते त्याने सगळं सांगितलं.