तुम्ही विचारलंत म्हणून: माती का सोडली?

यंदाच्या यात्रेतही तेच झालं. फडाच्या कडेला उभा होतो, हलगी घुमत होती, आणि शेजारगावच्या एका जुन्या पैलवानांनी माझ्या मोडलेल्या कानाकडं बघत विचारलं, "काय रं, मातीनं तुला काय कमी केलं हुतं? गादीवर कशाला गेलास?" माती म्हणजे आखाड्यातली जुनी कुस्ती, गादी म्हणजे स्पर्धांची मॅट. इतकी वर्षं मी हसून वेळ मारून नेली. आता एकदाच सांगून टाकतो, म्हणजे पुढच्या यात्रेत मला निवांत कुस्त्या बघता येतील.

माझं वजन 59 किलो होतं. अर्धं उत्तर इथंच संपतं.

यात्रेच्या मैदानात कुस्त्या कशा लागतात ते तुम्हाला मी काय सांगायचं? दुपारी पोरांच्या रेवड्यांच्या कुस्त्या, मग शंभराच्या, पाचशेच्या, आणि दिवे लागले की मानाच्या. माणसं येतात ती दिवे लागल्यावर. माझ्या वजनाच्या पैलवानाचं मैदान चार वाजता संपतं. मी कपडे घालून, भेळ खाऊन प्रेक्षकांत बसायचो तेव्हा खरी गर्दी जमायला लागायची. आणि तरीही लोक विचारतात, "महाराष्ट्र केसरीला का नाही उतरलास?" अहो, आज तो गट 86 ते 125 किलोचा आहे. माझ्या पाठीवर एक पोतं बांधून पाठवणार होता का?

खाशाबा जाधवांचं नाव घेऊन तर मला माती शिकवूच नका. 1952 ला हेलसिंकीत त्यांनी ब्राँझ मिळवलं ते 57 किलोत, फ्रीस्टाइलमध्ये, मॅटवर. राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण टाकून सात हजार उभे केले ते या हलक्या माणसासाठी. राहुल आवारेनं 2018 च्या राष्ट्रकुल स्पर्धेत सुवर्ण घेतलं, तेही 57 किलोत. मैदानाच्या पत्रकावर यांचं नाव कितव्या नंबरला छापलं असतं, सांगा बघू. दोघंही मातीतच तयार झाले, हे तुम्ही म्हणायच्या आत मीच म्हणून टाकतो.

उरलेलं अर्धं उत्तर जरा लाजिरवाणं आहे. शेती दोन एकर, भाऊ तिघं. सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के जागा असतात, आणि यात्रेतली ढाल अर्जाला जोडता येत नाही. विद्यापीठाचं प्रमाणपत्र जोडता येतं. कॉलेजात नाव घातलं ते यासाठी, कुस्तीच्या प्रगतीसाठी नव्हे. तेव्हा मात्र मी वस्तादांना "मॅटवर न्याय असतो" असं ऐकवलं होतं. मातीत वीस-वीस मिनिटं झुंजून शेवटी पंच हात धरतात आणि कुस्ती बरोबरीत सोडवतात. इथं घड्याळ आहे, गुण आहेत, निकाल लागतोच. वस्ताद लंगोट पिळत होते. म्हणाले, "लागू दे की निकाल."

तो लागला 2010 च्या हिवाळ्यात, उत्तरेतल्या एका विद्यापीठाच्या हॉलमध्ये. आंतरविद्यापीठ स्पर्धा, 55 किलो, ब्राँझची कुस्ती. म्हणजे आधी चार किलो उतरवणं आलंच: अंगात प्लास्टिकचा सूट, वर दोन स्वेटर, आदल्या संध्याकाळी वजन होईपर्यंत पाण्याचा घोट नाही. वजन झाल्यावर मी केळी खाताना रडत होतो म्हणे. मला आठवत नाही.

समोर हरियाणाचा पोरगा. पहिला राउंड मी घेतला, त्याला वर्तुळाबाहेर ढकलून. दुसऱ्यात त्यानं माझा पट काढला, म्हणजे पाय उचलून मला खाली घेतलं. तिसरा शून्य-शून्य. तेव्हाचा नियम आजच्या पोरांना सांगितला तर हसतात: दोन मिनिटांत गुणच झाला नाही, तर पंच पिशवीत हात घालून चेंडू काढायचा. ज्याच्या रंगाचा चेंडू, त्यानं समोरच्याचा पाय धरायचा आणि मग शिट्टी. तीस सेकंदांत त्यानं गुण घेतला तर तो जिंकला, नाही घेतला तर ज्याचा पाय धरला तो. मी लाल. चेंडू निघाला निळा.

ही गोष्ट मी इथंच थांबवत आलो. "चेंडूनं हरलो" म्हटलं की समोरचा च्यक् च्यक् करतो, चहा मागवतो, विषय संपतो. गावात, सासरी, नोकरीच्या मुलाखतीत, सगळीकडं चेंडूनंच हरलो.

पण चेंडूनंतर तीस सेकंद होती. माझा डावा पाय त्याच्या छातीशी, मी उजव्यावर उड्या मारतोय, एक हात त्याच्या मानेत. वीस सेकंद काढली. त्याचा दम संपला होता, श्वास ऐकू येत होता. आमचे सर दहापासून उलटे आकडे ओरडत होते. सातच्या आसपास त्यानं एक झटका दिला. तोल गेला नव्हता. मी पुन्हा सांगतो, तोल गेला नव्हता. तरी मी खाली बसलो, पोट गादीला लावलं.

मातीतल्या माणसाला हे समजावून सांगायची गरज नाही. पट आला, सुटत नाही, तर खाली बस, पोट मातीला दे, पाठ जपून ठेव. हरायला पाठ लागावी लागते. वयाच्या आठव्या वर्षापासून तालमीच्या मातीत, हौद्यात, हेच शिकलो होतो. पाठ जपली मी त्या दिवशी. गादीवर मात्र खाली बसलेल्याचा गुण जातो. पंचानं निळं बोट वर केलं तेव्हा मी पोटावर पडून मनातल्या मनात खूश होतो, की वाचलो.

आता यावर तुम्ही म्हणाल, बघ, मातीला दगा दिलास म्हणून मातीनं हिसका दाखवला. की उलटं, मातीनंच घात केला? दोन्ही बाजूंनी मी स्वतःशी भांडून झालोय. मातीत राहिलो असतो तर हीच सवय मला कितीतरी मैदानांत वाचवती. लहानपणीच गादी मिळाली असती तर ती सवय लागलीच नसती. आणि गादी लहानपणी मिळणार कुठून? आमच्या तालमीत तेव्हा पत्र्याचं छप्पर गळत होतं.

2013 मध्ये ऑलिंपिकमधून कुस्तीच वगळायचा घाट घातला गेला, तेव्हा नियम घाईघाईनं बदलले आणि चेंडू गेला. आनंद व्हायला हवा होता. मला वाटलं, माझा पुरावाच कुणीतरी नेला.

नोकरी लागली, हे खरं. क्रीडाशिक्षक आहे, शाळेत मॅट आहे, पोरं आहेत. परवा सातवीतल्या एका पोराला पट दाखवत होतो. त्यानं पाय असा नेमका उचलला की मी शाबास म्हणायच्या आतच खाली बसलो, पोटावर. पोरगं ओरडलं, "सर, गुण माझा!"