सात नंबरचं किट

आमच्या मुंबईतल्या पॉलिटेक्निकच्या लॅबमध्ये ८०८५ प्रोसेसरची जुनी ट्रेनर किट्स अजून चालतात. हेक्स, म्हणजे सोळा आकड्यांच्या पद्धतीचा, कीपॅड आणि सहा लाल सेव्हन-सेगमेंट आकडे, बस्स. इंटेलचा हा प्रोसेसर १९७६चा. पण एकेक बाइट स्वतःच्या हाताने मेमरीत भरल्याशिवाय मशीन कोड अंगात मुरत नाही, असं माझं ठाम मत आहे.

सात नंबरच्या किटवर दोन संख्यांची बेरीज नेहमी बरोबर यायची. प्रोग्रॅम जरा लांबला की मात्र फसायचा. "नीट एंटर कर," असं मी कित्येक मुलांना सुनावलं होतं.

त्या दिवशी दहा संख्यांच्या बेरजेचं प्रॅक्टिकल होतं. एका मुलीने तिसऱ्यांदा बोलावलं. "सर, २००० या पत्त्यावर मी २१ टाकलं होतं. आता २० दिसतंय." २१ म्हणजे एलएक्सआय एच, तिच्या प्रोग्रॅमची पहिलीच इन्स्ट्रक्शन. मी स्टूल ओढून शेजारी बसलो. तिने पुन्हा २१ टाकलं आणि 'नेक्स्ट' दाबत दाबत २०१० पर्यंत गेली. तिथे जंपच्या, म्हणजे प्रोग्रॅममध्ये दुसरीकडे उडी मारायच्या इन्स्ट्रक्शनच्या, पत्त्याचा वरचा बाइट, २०, असायला हवा होता. दिसत होतं २१.

अंगावर काटा आला. हेक्समधले १० म्हणजे सोळा. सतरावा बाइट पहिल्याच्याच जागी जाऊन बसत होता! पत्त्यातल्या सोळाचं वजन पत्ता नेणाऱ्या तारांपैकी ए-४ या अ‍ॅड्रेस लाइनचं, आणि तीच मेमरीच्या चिपपर्यंत, रॅमपर्यंत, पोचत नव्हती. दोन संख्यांची बेरीज नऊ बाइटांत उरकते, म्हणून ती कधी अडली नाही.

सप्लाय बंद करून रॅमची ६२६४ चिप सॉकेटमधून अलगद उचलली. सहावी, म्हणजे ए-४ची, पिन दुमडून चिपच्या पोटाखाली गेली होती. वरून बघणाऱ्याला सगळं जागच्या जागी. चिमट्याने सरळ करायला गेलो तर ती तुटली. संध्याकाळी ग्रँट रोडला उतरलो आणि लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारातून दुसरी चिप आणली.

दुसऱ्या दिवशी तिलाच बोलावलं. तिने १ ते १० आकडे भरले, प्रोग्रॅम चालवला, उत्तराचा पत्ता २०६० उघडला. ३७. हेक्समधले ३७, म्हणजे पंचावन्न.

तिच्या जर्नलमधला 'एंट्री चुकीची' हा माझा लाल शेरा मी तिच्यासमोर खोडला. याआधी सात नंबरवर बसलेली मुलं केव्हाच पास होऊन गेली.