शेवटची पंधरा मिनिटं

दुपारी गवार मोडत बसले होते. मोबाइलवर आशाबाईंची जुनी गाणी एकामागून एक लागत होती, त्यात मधेच एक नेपाळी गाणं आलं. आवाज घरचा; शब्द दोन कळतात, तिसरा निसटतो. गवार बाजूला राहिली.

चित्रपट ‘माइतीघर’, 1966 चा. माइतीघर म्हणजे माहेर. नायिका माला सिन्हा, संगीत जयदेवचं, आणि गायला लता, आशा, उषा तिघीही! शिवाय गीता दत्त, मन्ना डे, नेपाळचे नारायण गोपाल. नायक चिदंबर प्रसाद लोहनी पुढे खरोखरच मालाचा नवरा झाला, पण ते असो.

त्या जुन्या सिनेमांत कुणी ना कुणी सतत निघालेलं असतं. फौजेत, परमुलखात, नाहीतर सासरी. नेपाळमध्येच तयार झालेला पहिला नेपाळी चित्रपट ‘आमा’ (1964), त्यातही रजेवर घरी आलेला सैनिक आहेच. रजा म्हटलं की ती संपणार. आणि डोंगरातून उतरणारा माणूस एकदम दिसेनासाही होत नाही. वळणाआड जातो, पुन्हा खालच्या वाटेवर दिसतो. मागे राहिलेल्याने बघत तरी किती वेळ राहायचं?

आमचं बरं होतं. आजोळहून निघताना आजी फाट्यापर्यंत यायची, एसटी वळली की धुरळा, संपलं. आई मागे वळून कधी बघायची नाही. गाडी सुटली की लगेच पिशवीतलं सामान नीट लावायला घ्यायची. फाट्यावर येताना नीटच लावलेलं असायचं ते.

नंतर रात्री ‘कुसुमे रुमाल’ लावला. 1985 चा, तुलसी घिमिरेंचा; उदित नारायण चक्क पडद्यावर. संगीत रंजित गजमेर यांचं, म्हणजे पंचमकडे, आर. डी. बर्मनकडे, मादल हा नेपाळी ढोल वाजवणारे दार्जिलिंगचे ‘कांचा’. मादलाचा ठेका नाचायचाच, तरी मला त्याने उदास वाटतं. प्रिंट विटलेली, आकाश पिवळट. कुणी ती धुऊनपुसून लख्ख केली तर मी बघणार नाही.

असे सिनेमे मी शेवटपर्यंत बघतच नाही. पंधरा मिनिटं उरली की बंद. तोवर गेलेला माणूस परत येऊ शकतो. नवरा म्हणतो, हा पळपुटेपणा झाला. असेल.